राबाचा दुसरा टेक

वैशाख लागला की मला फोटो यायला लागतात. मुंबईकडनं येणारी मंडळी एक्स्प्रेसवेवर गाडी बाजूला घेतात, जिथं घ्यायला मनाई आहे नेमकी तिथंच, आणि डोंगराच्या पायथ्याला पसरलेला निळसर पट्टा मोबाइलमध्ये पकडून मला पाठवतात. खालचा मजकूर ठरलेला. ‘तुमच्या मावळात काय अप्रतिम धुकं पडलंय!’ डांबर चपलेला चिकटायचे दिवस, विहिरींनी तळ दाखवलेला, आणि यांना धुकं दिसतंय. मी एका ओळीत उत्तर देते, ‘धुकं नाही, शेण जळतंय.’ पुढं बोलणं सहसा वाढत नाही.

यंदाही सुरू झालंय. काल कामशेतला उतरले, नाणे मावळाच्या रस्त्याला लागले, तर दोन्ही अंगांना धूर. केसांत, ओढणीत, जिभेवरसुद्धा. हा वास मला अत्तराहून प्रिय आहे असं लिहायचा मोह अशा लेखात होतो. खोटं आहे ते. डोळे चुरचुरतात आणि नाक वाहतं. पण त्या वासाबरोबर एक जुना उन्हाळा परत येतो, त्या उन्हाळ्याबरोबर निनाद नावाचा एक दिग्दर्शक येतो, आणि मग माझं जे डोकं तापतं ते मिरगापर्यंत उतरत नाही.

राब म्हणजे काय हे आता कुणाला समजावून सांगायचं नाही, असं मी दरवर्षी ठरवते आणि दरवर्षी सांगते. भाताची रोपं जिथं करायची तो जमिनीचा तुकडा आधी भाजून घ्यायचा. खाली शेण, त्यावर झाडांची तोडलेली डहाळी, तिला आम्ही कवळ म्हणतो, त्यावर पाचोळा, गवत, आणि सगळ्यावर बारीक मातीचा हात. थंडी सरल्यापासून बायका हे डोक्यावरून वाहून आणतात, थरावर थर रचतात आणि उन्हाळा भरात आला की पेटवतात. जमीन भाजली की तणाचं बी मरतं, मग पावसावर पेरलेला भात तिथं एकटाच, माजात उगवतो. पेटवायचीही रीत आहे. वारं जिकडून येतं त्याच्या उलट्या टोकाला काडी लावायची. आग वाऱ्याला तोंड देत, धुमसत, रांगत पुढं येते आणि धग खाली मातीत उतरते. वाऱ्याच्या अंगानं काडी लावली तर भडका मोठा होतो, बघायला झकास, पण वरचा पाचोळा तेवढा उडून जातो आणि खालचं शेण कच्चं राहतं. तिथं मग तण माजतं, रोप मरतुकडं येतं आणि लावणीच्या वेळी दुसऱ्याच्या दारात रोपं मागायला जावं लागतं.

आमच्या आईवर ती वेळ कधी आली नव्हती. आमच्या घरातून रोपं बाहेर जात, आत येत नसत. भावकीत कुणाला कमी पडली की तो आमच्या बांधावर येणार, हे इतकं ठरलेलं की त्यावर कुणी बोलतही नसे. माझी चुलतीसुद्धा यायची. तिची आणि आईची बोलचाल बंद, कशावरून ते दोघींनाही नीट आठवत नसावं, तरी ती यायची, रोपांच्या जुड्या उचलायची आणि तोंडातून शब्द न काढता जायची. त्या दिवशी आई जरा जास्तच ताठ चालायची. तिचा राब हे तिचं गावातलं वजन होतं.

मी बी.एस्सी. केलं, फिजिक्समध्ये. घरातली पहिली पदवी. ती काचेच्या चौकटीत घालून भिंतीवर लावली आहे आणि मला त्याची अजिबात लाज वाटत नाही. प्रकाश स्वतः दिसत नाही, तो कशावर तरी आदळला की दिसतो, हे तळेगावच्या कॉलेजात सरांनी आकृती काढून सांगितलं तेव्हा सोसायट्यांतल्या मुली घाईघाईनं वहीत उतरवून घेत होत्या. मला उतरवायची गरज पडली नाही. राबाच्या धुरातून सकाळचं ऊन उतरताना मी लहानपणापासून बघत होते, तिरप्या पट्ट्यांनी, हात लावून बघावं असं घट्ट. कॅमेऱ्याकडं मी वळले ती तिथूनच. कुणी प्रेरणा वगैरे विचारली की मी हेच सांगते आणि समोरच्याचा चेहरा पडतो. त्याला एखाद्या परदेशी सिनेमाचं नाव ऐकायचं असतं.

सुरुवात लग्नांपासून केली. तळेगावच्या मंगल कार्यालयांत नवरदेवाच्या मामांना ‘थोडं सरका’ म्हणत खांदे दुखवून घेतले. मग लोणावळ्याला तुंगार्लीतल्या भाड्यानं द्यायच्या बंगल्यांचे व्हिडिओ केले. बारकी खोली वाइड लेन्सनं हॉलएवढी करायची, न्हाणीएवढ्या पोहायच्या तलावाचा समुद्र करायचा. मग पुण्यातल्या सिनेमावाल्यांकडं कॅमेऱ्याच्या पेट्या उचलल्या, लेन्सचा फोकस सांभाळला. सेटवर नवीन माणूस मला बघून हमखास विचारायचा, ‘मेकअप आलं का?’ मी म्हणायचे, ‘मेकअप अजून वाटेत आहे. कॅमेरा आलाय.’ या सगळ्या प्रवासात फसवी माणसं कुठं जास्त भेटली असं विचाराल, तर ती बंगल्यांच्या एजंटांत नव्हती. एजंट सरळ म्हणायचा, ‘ताई, मोठं दाखवा.’ स्वतंत्र सिनेमावाला म्हणतो, ‘खरं दाखव,’ आणि जे काय खरं समोर असेल ते फ्रेमबाहेर सरकवायला माणसं लावतो.

हे लोक नेमके कशापासून स्वतंत्र आहेत, ते मला कधी कळलं नाही. जेवणाच्या वेळेपासून आहेत. प्रेक्षकापासून तर पूर्णच आहेत. कमी बजेट ही अडचण असते हे मी समजू शकते, मी अडचणीतच वाढले. पण यांनी अडचणीचा दागिना केला. दिवा नाही म्हणून अंधारात शूट केलं की त्याला शैली म्हणायचं. आणि तो अंधार नीट दिसावा म्हणून रात्रंदिवस राबणाऱ्या छायाचित्रकाराला म्हणायचं, ‘तू किती लकी आहेस, अशी संधी मिळतेय.’

निनाद त्यातलाच, पुण्याचा. मामाचा बंगला तुंगार्लीत, तळ्याच्या वरच्या अंगाला, तिथं युनिट उतरलं होतं. माझं पहिलंच संपूर्ण स्वतःचं काम. पडद्यावर ‘छायाचित्रण’ आणि त्यापुढं माझं एकटीचं नाव. त्या एका ओळीसाठी मी पुष्कळ ऐकून घेतलं. निनाद नटांना बंगल्याच्या लॉनवर अनवाणी चालायला लावायचा, मातीशी नातं जुळावं म्हणून. लॉनवर सकाळ-संध्याकाळ पाण्याचा फवारा. नातं जुळलं ते डासांशी. बोली शिकवायला एक बाई आणली होती. तिच्या बोलीत थोडं कोल्हापूर होतं, थोडं नागपूर होतं आणि बाकीचं सगळं जुन्या तमाशापटातलं.

‘मावळात असं बोलत नाहीत,’ मी म्हटलं.

‘प्रेक्षकाला ग्रामीण वाटलं पाहिजे, वैशाली,’ निनाद म्हणाला. ‘मावळी वाटायची काही गरज नाही.’

सिनेमा होता एका शेतकरी बाईच्या मनातल्या आगीबद्दल. ही बाई दीड तास गप्प असते. मी जन्मल्यापासून शेतकरी बायकांत आहे. सलग दीड तास गप्प बसलेली एकही मी पाहिलेली नाही. झोपेतसुद्धा त्या कुणालातरी सुनावत असतात.

जागा बघायला तो आमच्या घरी आला तेव्हा त्याला घर आवडलं, पण घरातल्या वस्तू आवडल्या नाहीत. ओट्यावरचं निळं पिंप त्याला खुपलं. निळं पिंप नसलेलं घर मावळात दाखवा, मी कॅमेरा विकते. छपरावरची डिश खुपली. चुलतभावाची बुलेट तर फारच खुपली. ‘हे सगळं गावाला मारतं,’ तो हळहळला. आण्णा, म्हणजे माझे वडील, तळेगावच्या कारखान्यातून रात्रपाळी करून आलेले, खुर्चीत डुलक्या घेत होते. त्यांनी एक डोळा उघडून पाहिलं आणि परत मिटला. आण्णांचं जगाबद्दलचं मत साधारण एवढ्यातच उरकतं.

राब मात्र त्याला बघताक्षणी आवडला. ओढ्याकाठचा तो लांबट तुकडा, आईनं सगळा हिवाळा घालून रचलेला, कडा दोरी लावल्यासारख्या सरळ.

‘आई, आम्हाला तुमचा राब हवाय,’ तो म्हणाला. या लोकांना कुणाच्याही आईला आई म्हणायला वेळ लागत नाही.

‘हवाय म्हंजी?’ आई म्हणाली. ‘उचलून नेता का काय?’

‘नाही, नाही. इथंच पेटवायचा. फक्त आमच्या कॅमेऱ्यासमोर.’

‘पेटवनार मी. तुमी बगा.’

‘अगदी! तेच तर खरं!’

‘आन् त्यो येकदाच पेटतो. भाकर हाय का, हितून कच्ची ऱ्हायली म्हनून पुन्ना टाकाया?’

निनादनं हे वाक्य लगेच मोबाइलमध्ये टिपून घेतलं. त्याला ते संवाद म्हणून पाहिजे होतं. सूचना म्हणून ते त्याच्या कानात शिरलंच नाही. तो गेल्यावर आईनं मला विचारलं, ‘ह्यो शिकल्याला हाय ना?’

‘लय.’

‘मग कळलं असंल त्येला.’

मी मात्र त्याला परत सांगितलं, बंगल्यावर, सगळ्यांसमोर. राबाला दुसरा टेक नसतो. तो कच्चा राहिला तर आईला आषाढात रोपं मागत फिरावं लागेल. तो म्हणाला, ‘बघू.’ सिनेमात ‘बघू’ म्हणजे ‘तू बोलून घे.’

फ्रेम मी मनात कधीच लावली होती. वैशाखात सकाळचं वारं लोणावळ्याकडनं येतं, पश्चिमेकडनं. म्हणजे काडी पूर्वेच्या टोकाला लागणार. सूर्यही तिकडूनच वर येणार. कॅमेरा पश्चिमेच्या टोकाला, जमिनीलगत. समोर राबाचा काळपट पट्टा, त्याच्या पलीकडच्या कडेला आगीची बारीक रेघ, रेघेमागं धूर, धुरामागं कोवळा सूर्य. वारं माझ्या पाठीकडनं, म्हणजे धूर लेन्सवर येणार नाही, उन्हात उभा राहील. आग रांगत रांगत कॅमेऱ्याकडं येणार आणि तिच्यापुढून ती गप्प बाई चालत जाणार. आईची रीत आणि माझी फ्रेम एकाच बाजूची निघाली, याचा मला केवढा आनंद झाला होता सांगू. काही बदलायचं नव्हतं, लपवायचं नव्हतं. कामात असं क्वचित जुळतं आणि जुळलं की माणूस उगाच स्वतःवर खूश होऊन हिंडतो. मीही हिंडले.

सकाळी सगळे हजर. नटी इस्त्रीच्या नऊवारीत, तिच्या पायाला मेकअपवाल्यानं चिखल लावलेला. वैशाखात चिखल. आईनं पूर्वेच्या टोकाला जाऊन काडी लावली आणि बाजूला होऊन कमरेवर हात ठेवून उभी राहिली. रेघ धरली. धूर उठला. ऊन त्यात शिरलं आणि पट्टे पडले, तेच, माझ्या लहानपणाचे. मी व्ह्यूफाइंडरला डोळा लावून होते आणि मला वाटत होतं, बास, हे झालं तर बाकी सिनेमा कसाही होऊ दे.

निनादला तसं वाटलं नाही. मागं त्याची कुजबुज सुरू झाली. ‘स्लो आहे रे. एनर्जी नाही. आग दिसतच नाहीये, नुसता धूर.’ मी डोळा न काढता म्हटलं, ‘येतेय ती. थांब.’ तो म्हणाला, ‘सूर्य वर जाईल.’ मी म्हटलं, ‘जाऊ दे.’ मग कुजबुज थांबली. मला वाटलं, पटलं. एवढ्यात डिझेलचा वास आला.

त्यानं कला विभागातल्या एकाला डबा देऊन पश्चिमेच्या टोकाला, माझ्या लेन्सच्या डाव्या कडेलगत पाठवलं होतं. वाऱ्याच्या अंगानं. मी ओरडेपर्यंत भडका उठला. माणूसभर उंच, तांबडा, हिंदी सिनेमातल्या खलनायकाच्या गोदामाला लागतो तसला. पाचोळा उडायला लागला, वारं त्याला पुढं हाकलायला लागलं. नटी नऊवारी सावरत ओढ्याकडं पळाली. आणि पूर्वेकडनं, धुरातून, आई आली.

ती पळत आली. वाटेत तिनं ऐनाच्या झाडाची ओली डहाळी ओरबाडली होती आणि दोन्ही हातांनी ती उगारून आगीत घुसली आणि झोडपायला लागली. तोंडानं शिव्या. त्या इथं छापता येणार नाहीत, पण त्यांतल्या बहुतेक निनादच्या घराण्याशी संबंधित होत्या.

‘रोल कर!’ निनाद किंचाळला. ‘वैशाली, रोल! कट करू नको! हे खरंय! हे खरंय!’

फ्रेममध्ये सगळं होतं. भडका, मागून येणारं ऊन, धुराचे पट्टे, आणि मधोमध ती. फोकस बरोबर तिच्यावर. छायाचित्रकार अख्खी कारकीर्द वाट बघतो असं काहीतरी माझ्या पुढ्यात आयतं उभं होतं. आणि मला दिसत होतं की मी रोल करत राहिले तर हा माणूस आग विझवू देणार नाही. तो तिला म्हणेल, आई, परत एकदा इकडून या. मी कॅमेऱ्याची बॅटरी काढली. नुसतं बंद केलं असतं तर माझ्या मदतनिसानं परत चालू केलं असतं, म्हणून काढून खिशात घातली. मग मीही एक डहाळी तोडली आणि आईच्या शेजारी जाऊन झोडपायला लागले.

आग विझली. पश्चिमेकडचा भाग वरवर करपून गेला होता, खालचं शेण जसंच्या तसं. पूर्वेकडची रेघ मात्र आपली रीतीनं धुमसत होती, कुणाशी देणंघेणं नसल्यासारखी.

‘तू आज काय घालवलंस, तुला कळतंय का?’ निनाद म्हणाला.

‘तू काय जाळलंस, ते तुला कळतंय का?’

‘अरे, आम्ही भरपाई देऊ!’ तो आईकडं वळला. ‘आई, सांगा, काय पाहिजे तुम्हाला?’

आई धापा टाकत होती. ‘रोपं दे.’

‘रोपं? नक्की. पुण्यात माझ्या ओळखीची नर्सरी आहे.’

भाताची रोपं. नर्सरीतून. प्लास्टिकच्या पिशवीत एकेक, वर नावाची चिठ्ठी, मोगऱ्याच्या शेजारी मांडलेली. आईनं त्याच्याकडं असं पाहिलं की मला त्याची कीव यायला हवी होती. आली नाही. अजूनही येत नाही.

उरलेला सिनेमा माझ्या जागी दुसऱ्या छायाचित्रकारानं केला. राब त्यांनी तुंगार्लीच्या लॉनवर पेंढा पसरून आणि धुराचं यंत्र लावून उभा केला, असं कळलं. पुण्यात खेळ होता तेव्हा मी मुद्दाम गेले, मागच्या रांगेत बसले. लॉनवरच्या धुरातून नटी चालत आली तेव्हा माझ्या शेजारच्या बाईंनी सुस्कारा सोडला. नंतर निनाद मंचावर बसून सांगत होता की आम्ही शेतकऱ्यांसोबत राहिलो आणि आगीनं आम्हाला संयम शिकवला. मी एवढ्या मोठ्यानं हसले की लोकांनी वळून पाहिलं. शेवटच्या नामावलीत आभार होते, ‘मावळातील समस्त ग्रामस्थ’. हा सिनेमा त्यानंतर कुठं लागला नाही. तो लागायचा नव्हताच, मानाच्या शालीसारखा घडी घालून ठेवायचा होता.

आणि आषाढात व्हायचं ते झालं. राबाच्या पूर्वेला हिरवीगार लुसलुशीत रोपं आणि पश्चिमेला तण, त्यातून डोकं काढणारी पिवळी काडं. आई पावसात बसून बसून तण उपटत राहिली, तरी शेवटच्या खाचराला रोपं पुरली नाहीत. मी तेव्हा नाशिककडं एका लग्नाच्या कामावर होते. फोनवर आण्णांनी सांगितलं, ‘तुज्या चुलतीकडनं आनली आईनं.’ मी विचारलं, ‘आई स्वतः गेलती?’ ते म्हणाले, ‘व्हय.’ मी पुढं विचारलं नाही आणि आई त्यावर कधी बोलली नाही. निनादची जेवढी घृणा मला भडक्याच्या दिवशी वाटली नव्हती तेवढी त्या ‘व्हय’नं वाटली.

बॅटरीची गोष्ट मात्र मी पुष्कळ सांगितली. धंद्यात ती थोडी पसरलीही. काही जणांनी त्यामुळं मला काम दिलं नाही, काहींनी त्यामुळंच दिलं. तरुण मुलं ऐकून ‘वा’ म्हणतात. मलाही ती सांगताना आपली मान जरा उंच झाल्यासारखं वाटतं, ते का नाकारू?

आज सकाळीही तेच चाललं होतं. पुण्याहून एका मुलीचा फोन, पहिला सिनेमा करायचाय, बजेट नाही, पण विषय खरा आहे. मी ओट्यावर पाय सोडून तिला सुनावत होते, तुमच्या खऱ्याचं मला काही सांगू नका म्हणून, आणि ओघात बॅटरीवर आले. आई माझ्या मागं सुपात बियाणं पाखडत बसली होती. अलीकडं गुडघे धरतात तिचे, राब रचायला बायका सांगाव्या लागतात, पण बियाण्याला ती कुणाला हात लावू देत नाही. मी फोन ठेवला तेव्हा सूप थांबलं होतं.

‘म्हंजी, मशीन बंद हुतं?’

‘कधी?’

‘मी पळाले तवा.’

‘हो. बॅटरीच काढली होती, आई. काहीच आलं नाही.’

‘माजं काईच न्हाई त्यात?’

‘नाही.’

ती माझ्याकडं बघत राहिली. ‘आन् मी जावेला सांगून बसले, मी सिनेमात हाय म्हनून.’

इतक्या वर्षांनी मला कळलं की आषाढात त्या बांधावर काय झालं होतं. ‘रोपं आनाया गेलते ना, तवा,’ आई म्हणाली. ‘चार बाया हुत्या तितं लावनीला. तुजी चुलती म्हनती कशी, काय वो जाऊबाई, सिनेमात रोपं उगावली न्हाईत व्हय? सगळ्या दात काडाया लागल्या. मी म्हनलं, रोपं पुडल्या सालाला हुतील. सिनेमात मी हाय. तू हायस का कुटं?’

‘मग?’

‘मग काय. गप झाली. जुड्या माज्या डोक्यावर द्याया सोता उटली.’

म्हणजे त्या दिवशी तिची मान खाली गेली नव्हती. गेली नव्हती ती त्या सिनेमामुळं, ज्यात ती नाही. असले सिनेमे कुणी बघत नाही याचं मला आयुष्यात पहिल्यांदा बरं वाटलं.

‘येवडी मी पळाले,’ आईचा आवाज आता चढला. ‘जलमात तशी पळाले न्हाई, आन् आता काय पळनार? तुज्या हातात मशीन. काडायचं हुतं की गं, वैशे! राब बी गेला आन् फोटू बी न्हाई. कसलं शिक्शान म्हनायचं हे?’

‘तुझ्यासाठीच बंद केलं ना मी.’

‘मला इचारलंतंस?’

ही गोष्ट मी कितीतरी जणांना सांगितली असेल. हा प्रश्न कुणी विचारला नव्हता, आणि मीही स्वतःला विचारला नव्हता. आईनं सूप दोनदा आपटलं, फोल उडवलं. मग माझ्याकडं न बघता म्हणाली, ‘दिसत कशी हुते?’

मी सांगितलं. जे मी त्या काचेतून पाहिलं होतं आणि दुसऱ्या कुणी पाहिलं नव्हतं, ते. मागं धुरात सूर्य होता म्हणून तुझ्या अंगाला सगळीकडनं सोनेरी कड आली होती. डहाळी वर जायची तेव्हा तिची पानं उन्हात एकेक दिसायची, खाली आली की ठिणग्या उडायच्या. तोंड रागानं वेडंवाकडं होतं, पण डोळे आगीवर असे रोखलेले, जसं कुणी घरात शिरलंय. केस सुटले होते. तू आगीपेक्षा मोठी दिसत होतीस.

आई ऐकत होती. बियाण्यातला खडा तिनं बोटांनी उचलून बाजूला टाकला.

‘आन् अंगात काय हुतं माज्या?’

मला आठवायची गरज नव्हती. ‘गाऊन. त्यावर आण्णांचा कंपनीचा जुना शर्ट.’

‘गाऊनवर?’

‘हो.’

‘सगळ्या जगानं बगितलं असतं?’

‘सगळ्या नाही. थोड्यांनी.’

तिनं सूप हातात घेतलं आणि पुन्हा पाखडायला लागली.

‘मग बरं केलंस बंद केलंस त्ये,’ ती म्हणाली. आणि मी उठून आत जायला लागले तेव्हा मागून, आवाज खाली आणून, ‘जावेला काय बोलू नगंस. तिला मी पैठनी सांगितली हाय.’